तिसरं मिनिट

साठ चित्रांखाली लावायची साठ कार्डं. त्यातली एकोणसाठ मी दोन दिवसांत हाताने लिहून काढली. अक्षर माझं चांगलं आहे. हे मी स्वतःच सांगतो, कारण बाकीचे सांगायला विसरतात. साठावं कार्ड मात्र चार दिवस टेबलावर कोरं पडून होतं, आणि त्यावरून आमच्या घरात रोज सकाळी वाजत होतं.

प्रदर्शन माझंच. पस्तीसेक वर्षं मी नाटकं लिहिली, बसवली, आणि प्रत्येक नाटक बसवण्याआधी ते कागदावर चितारलं. आधी चित्र, मग शब्द, ही माझी खोड. माझी एक जुनी विद्यार्थिनी आता कॉलेजात शिकवते. तिने ही चित्रं माझ्या माळ्यावरून उतरवली, झटकली आणि कॉलेज रोडवरच्या एका हॉलमध्ये लावायचं ठरवलं. मी दोनदा नाही म्हटलं. तिसऱ्यांदा ती विचारायचीच नाही अशी भीती वाटली, म्हणून लगेच हो म्हणून टाकलं.

जे कार्ड अडलं होतं ते माझ्या पहिल्या नाटकाच्या चित्राचं. ट्रेसिंग पेपरवर काळ्या शाईत एक दार, दारासमोर पाठमोरा उभा माणूस, आणि खाली कोपऱ्यात लाल पेन्सिलीने, प्रयोगानंतर लिहिलेलं : ‘दार सहा इंच डावीकडे. कुणी ठेवलं??’ दोन प्रश्नचिन्हं. विद्यार्थिनीने विचारलं, “सर, हे काय?”

“काही नाही गं. नेपथ्यवाल्यांवरचा राग. पुसू नकोस, तोही माझाच आहे.”

“पण या कार्डावर जरा जास्त लिहा हं. तो आवाज इथूनच सुरू झाला ना?”

तो आवाज! माझी नाटकं ज्यांनी पाहिली आहेत त्यांना माहीत आहे. माझ्या प्रत्येक नाटकात एक क्षण असा येतो की रंगमंचावरचा माणूस गप्प होतो आणि विंगेतून, न दिसणाऱ्या कुणाचा तरी आवाज त्याच्या मनातलं बोलतो. लोकांनी त्यावर लेख लिहिले. पोरांनी प्रोजेक्ट केले. एकदा एका शिबिरात एका बाईंनी माझ्यासमोर तासभर त्या आवाजाचा अर्थ सांगितला आणि मीही मान डोलवत नवीन काही कळल्यासारखा ऐकत बसलो. काय करणार? खरं असं होतं की तो आवाज मला कधी सुचलाच नव्हता. तो आमच्या प्रॉम्प्टरचा होता, आणि चुकून आला होता.

ही गोष्ट फक्त तिघांना माहीत होती : मला, माझ्या बायकोला आणि प्रॉम्प्टरला. आणि आता कार्डावर एक ओळ लिहायची होती : ‘विंगेतला आवाज – संकल्पना’, आणि पुढे नाव. कुणाचं?

तर झालं होतं असं. मी तेव्हा एकलहऱ्याच्या वीज केंद्रात ड्रॉइंग ऑफिसात नवा नवा लागलो होतो. दिवसभर पाइपांचे आणि पायाचे नकाशे काढायचे आणि संध्याकाळी कॉलनीच्या हॉलमध्ये नाटकाच्या तालमी. कॉलनीतल्या लोकांना विनोदी नाटक हवं असायचं, आणि मला जगाला हलवून सोडायचं होतं. वयच तसं होतं, त्यात माझा स्वभाव. टी-स्क्वेअर घेऊन मी रंगमंचाचाही नकाशा काढायचो. खुर्ची कुठे, पाय कुठे, सगळं इंचात. नट म्हणायचे, “अरे, आम्ही माणसं आहोत, व्हॉल्व्ह नाही.” मी ओरडायचो. मग चहा यायचा आणि भांडण मिटायचं.

प्रॉम्प्टर होते दादा. वयाने माझ्यापेक्षा बारा-तेरा वर्षांनी मोठे, मूळचे नांदगावकडचे, कंट्रोल रूममध्ये ऑपरेटर. दर तासाला काट्यांवरची रीडिंगं घ्यायची आणि वहीत नोंदवायची, हे त्यांचं काम. तीच शिस्त त्यांनी विंगेत आणली. मांडीवर फाइल, फाइलीत संहिता, कानामागे पेन्सिल, मनगटावर चावीचं घड्याळ. आणि आवाज! प्रॉम्प्टरचा आवाज कसा हवा, तर नटाला ऐकू जावा आणि पहिल्या रांगेला जाऊ नये. दादांचा अगदी तस्सा होता. नट अडखळायच्या आत वाक्य त्याच्या कानात. रंगमंचावर ते आयुष्यात कधी आले नाहीत. कुणी आग्रह केला तर म्हणायचे, “उजेडात मला दिसत नाय.”

माझ्या त्या पहिल्या नाटकात एक कामगार निवृत्त होऊन घरी येतो आणि स्वतःच्याच दारात थांबतो. आत जायचं धाडस होत नाही. दोन मिनिटं नुसता उभा राहतो. मग एकच वाक्य बोलतो, “दार उघडंच आहे,” आणि आत जातो. पडदा. दोन मिनिटं गप्प उभं राहायला एकही नट तयार होईना, म्हणून मीच उभा राहिलो. लेखक मी, दिग्दर्शक मी, चित्रकार मी आणि नटही मीच. एवढी हौस!

तालमीत दादांनी डोकं खाजवलं. “दोन मिनिटं? अरे, आमच्याकडं दोन मिनिटं कुणी गप्प बसलं तर सायरन वाजतो.”

“दादा, ही शांतता आहे. हाच नाटकाचा प्राण आहे.”

“असू दे. प्राण किती वाजता सुरू होतो ते सांग, म्हणजे लिहून ठेवतो.”

हौशी नाटकांच्या स्पर्धेत प्रयोग लागला. मी दारासमोर उभा राहिलो. सभागृह चिडीचूप. मला वाटत होतं, वा, जमलं! आणि एवढ्यात विंगेतून दादांचा आवाज आला, “दार उघडंच आहे.” मी हललो नाही. पुन्हा आला, जरा मोठ्याने, “दार उघडंच आहे.” आणि तिसऱ्यांदा तर चक्क मागच्या रांगेपर्यंत गेला. मी दचकून विंगेकडे वळलो आणि माझ्या तोंडून निघून गेलं, “कोण?” मग दाराकडे पाहिलं आणि सरळ आत निघून गेलो. माझं वाक्य मी बोललोच नाही. पडदा पडला.

दादांना फाडून खायच्या तयारीने मी विंगेत शिरलो. माझ्या दोन मिनिटांच्या शांततेचा त्यांनी चिवडा केला होता. पण माझ्याआधी तिथे परीक्षक पोचले होते. त्यांनी माझे दोन्ही हात हातात घेतले. डोळ्यांत पाणी. म्हणाले, “त्याचंच घर त्याला हाक मारतंय, आणि तो विचारतो, कोण! कसं सुचलं हो तुम्हाला?”

आता सांगा, त्या क्षणी पंचविशीतल्या माणसाने काय करावं? मी मान खाली घालून म्हणालो, “सुचलं.” दादा दोन हातांच्या अंतरावर फाइल छातीशी धरून उभे होते. सगळं ऐकत होते. एक शब्द बोलले नाहीत. आम्हाला पहिलं बक्षीस मिळालं.

दुसऱ्या दिवशी कॅन्टीनमध्ये मी मोठ्या मनाने त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. “जाऊ द्या दादा. चूक होते माणसाकडून. मी मनात ठेवलेलं नाही.” त्यांनी माझ्याकडे क्षणभर बघितलं, “बरं,” म्हणाले आणि बशीत चहा ओतला. विषय संपला.

पुढच्या नाटकात तो आवाज मी मुद्दाम लिहिला. त्याच्या पुढच्यातही. दादाच द्यायचे तो. छान चाललं. मी फार मोठा झालो नाही, पण जेवढा झालो तेवढा मनासारखा झालो. मुंबई-पुण्याची बोलावणी आली, गेलो, प्रयोग केले, परत आलो. नोकरी सोडली नाही. वीज केंद्राची राख डिंकात कालवून चित्रं काढायला लागलो, तर लोक त्यालाही प्रयोग म्हणाले. खरं कारण एवढंच की कॉलनीत राख खिडकीतून फुकट यायची आणि बायको रोज ती पुसता पुसता वैतागायची. म्हटलं, कुठेतरी कामाला येऊ दे. घर झालं, मुलगी तिच्या संसाराला लागली, गुडघे दुखतात पण डोळे शाबूत आहेत. तक्रार करायला बसलो तर उगाच खोटं बोलावं लागेल.

फक्त हा एक काटा. वर्षातून एकदोनदा टोचायचा, मग विसरायला व्हायचं.

“अहो, लिहून टाका ना एकदाचं,” बायको म्हणाली. ती देवळ्याची. कांद्याच्या खळ्यावर वाढलेली, बोलणं रोखठोक. रागावली की तिची माहेरची बोली बाहेर येते. “पस्तीस वर्षं झाली, खोटं ते खोटंच शे.”

“लिहायला माझी ना नाही गं. पण काय लिहू? की प्रॉम्प्टर चुकला आणि मला बक्षीस मिळालं? म्हणजे माझी पोळी भाजली आणि त्यांची चूक चारचौघांत टांगली. या वयात त्यांना ते बरं वाटेल?”

तिने कोरं कार्ड उचलून उलटसुलट पाहिलं. मग म्हणाली, “मग जाऊन विचारा त्यांना. इथं टेबलाशी बसून ते सांगणार आहेत का?”

दादा नाशिकरोडला राहतात. सकाळी दहाला गेलो. सत्तरी ओलांडली आहे, पाठ थोडी वाकली आहे, पण घड्याळ तेच. वहिनींनी चहा टाकला. मी आडवळणाने सुरुवात केली, प्रदर्शनाबद्दल बोललो, हवेबद्दल बोललो, शेवटी धीर करून म्हणालो, “दादा, त्या पहिल्या नाटकातली तुमची चूक… ती मी जाहीर सांगू का? म्हणजे श्रेय तुम्हाला मिळावं म्हणून.”

“कोणती चूक?” दादा म्हणाले.

“अहो, ती शांतता. तुम्ही मध्येच वाक्य दिलंत.”

दादा उठले. आतून एक पत्र्याची पेटी ओढत आणली. त्यात आमच्या सगळ्या नाटकांच्या फाइली ओळीने. सगळ्यात खालची काढली, शेवटचं पान उघडलं आणि माझ्या पुढ्यात ठेवलं. समासात पेन्सिलीने, कंट्रोल रूमच्या वहीत लिहावं तशा नोंदी होत्या :

‘७.१४ – शांतता सुरू.
७.१६ – शांतता संपली. बोलला नाही.
७.१७ – बोलला नाही. अडकला. दिलं.
दिलं.
दिलं.’

मी ते तीनदा वाचलं. माझा स्वभाव, मी आधी चिडलोच. “घड्याळ पुढे असेल तुमचं!”

“ह्या घड्याळावर मी बॉयलरची रीडिंगं घेतलीत बाबा. पुढं असतं तर नाशिक अंधारात गेलं असतं.”

“मी विसरेन? माझं स्वतःचं वाक्य? चार शब्दसुद्धा नाहीत त्यात!”

वहिनी चहा घेऊन आल्या, कप ठेवले आणि पदराआड हसू दाबत परत गेल्या. आणि मग माझ्या डोळ्यांसमोर आलं ते दार. रंगमंचावरचं, लाकडी चौकटीचं, निळं. मी त्याच्यासमोर उभा आहे आणि मला दिसतंय की ते माझ्या नकाशात आहे तिथे नाही. सहा इंच डावीकडे सरकलंय. कुणी ठेवलं? तीनदा सांगितलं होतं, खडूने खूण केली होती! मी तिथे निवृत्त कामगाराचं दुःख करत नव्हतोच. मी मनातल्या मनात नेपथ्यवाल्याला शिव्या घालत होतो. दोन मिनिटं कधी संपली ते कळलंही नव्हतं, आणि वाक्य पार डोक्यातून गेलं होतं. लाल पेन्सिलीने मीच तर लिहून ठेवलं होतं, दोन प्रश्नचिन्हं घालून. पस्तीस वर्षं तो कागद माझ्याच माळ्यावर होता.

“अरे देवा,” मी म्हणालो.

“च्या गार होतोय,” दादा म्हणाले.

“आणि मी तुम्हाला माफ केलं! कॅन्टीनमध्ये! खांद्यावर हात ठेवून!”

आता मात्र ते खदखदून हसले. “लय हसू आलं होतं तवा. घरी येऊन हिला सांगितलं. जेवताना दोघं हसत होतो.”

“हो, भात खाता खाता ठसका लागला होता यांना,” वहिनी आतून म्हणाल्या.

लाजेने मी कप बाजूला सारला. “पण सांगितलं का नाही मला? तेव्हा नाही तर नंतर? मी जगभर सांगत… म्हणजे सांगत नव्हतो, पण मनात तर धरून होतो ना, की दादा चुकले!”

दादांनी फाइल बंद केली, दोरी बांधली. “हे बघ, कोण विसरलं ते प्रॉम्प्टरनं सांगायचं नसतं. वाक्य द्यायचं आणि गप्प बसायचं. एकदा सांगितलं ना, की नट मग विंगेकडं बघत नाय. आणि बघितलं नाय तर मी तिथं बसून करू काय?” मग म्हणाले, “कार्डावर काय लिहायचं ते तू बघ. माझी चूक लिहू नको, कारण ती नव्हती. आणि तुझी लिही असं मी म्हणणार नाय.”

घरी येऊन बायकोला सांगितलं. ती आधी पोट धरून हसली, मग डोळे पुसले, आणि म्हणाली, “आता तर लिहिलंच पाहिजे.” मी कार्ड लिहायला घेतलं. पण कार्ड लहान, आणि ही गोष्ट एका ओळीत मावणारी नाही. मग मी ठरवलं, उद्घाटनाला बोलूनच दाखवायचं. दोन पानांचं भाषण लिहिलं. त्यात सगळं होतं : दार, सहा इंच, परीक्षक, कॅन्टीन. मधोमध एका ओळीत एकच वाक्य एकटं ठेवलं होतं, नेहमीच्या सवयीने.

रविवारी सकाळी अकराला उद्घाटन. दादा आणि वहिनी रिक्षाने आले. मी भाषणाची प्रत दादांच्या हातात दिली. “धरा. मी बघून वाचणार नाही. अडलो तर द्या.”

त्यांनी उभ्या उभ्या दोन्ही पानं वाचली. चेहऱ्यावर काही दिसलं नाही. पानं सोबत आणलेल्या फाइलीत लावली, कानामागची पेन्सिल काढली आणि विचारलं, “शांतता कुठं हाय यात?”

“यात शांतता नाही दादा.”

ते भिंतीकडेच्या खुर्चीत जाऊन बसले, लोकांपासून बाजूला, माझ्या डाव्या हाताला.

हॉल भरला होता. माझे जुने नट होते, कॉलनीतले शेजारी होते, विद्यार्थिनीची कॉलेजची मुलं वह्या घेऊन पुढे बसली होती. मी त्या पहिल्या चित्राशेजारी उभा राहिलो. सुरुवात झक्कास झाली. ड्रॉइंग ऑफिसचं सांगितलं, लोक हसले. नटांना व्हॉल्व्ह समजायचो ते सांगितलं, नट सगळ्यात मोठ्याने हसले. स्पर्धेपर्यंत आलो. दारासमोर उभा राहिल्याचं सांगितलं. विंगेतून आवाज आला ते सांगितलं. पुढच्या रांगेतली मुलं भराभरा लिहून घेत होती. एका मुलीने मान वर करून माझ्याकडे पाहिलं, पुढचं लिहून घ्यायला.

आणि मी अडलो.

विसरलो नव्हतो, शप्पथ. वाक्य जिभेवर होतं. पण त्या मुलांच्या वह्या दिसत होत्या, नटांचे चेहरे दिसत होते, आणि मला वाटलं, इथेच थांबून ‘आणि असा तो आवाज जन्माला आला’ असं म्हटलं तर? कोण काय म्हणणार आहे? बायको माझ्याकडे रोखून बघत होती. मी तिच्याकडे बघायचं टाळलं. किती वेळ गेला कोण जाणे. लोकांना वाटलं असेल, सर शांतता घेतायत. सर घेतातच. कुणी खोकलंसुद्धा नाही.

मी भिंतीकडे पाहिलं. दादांनी मनगट वर करून घड्याळ बघितलं. पेन्सिलीने समासात काहीतरी लिहिलं. मग मान किंचित पुढे केली, आणि तो आवाज आला, नेहमीचा, पहिल्या रांगेला न जाणारा, फक्त माझ्यापुरता :

“मी विसरलो होतो.”

मी पुन्हा मुलांकडे वळलो.

“मी विसरलो होतो,” मी मोठ्याने म्हणालो. त्याच्या पुढचं सगळं मला पाठ होतं.